‘स्लॅपस्टिक’ला ‘धांगडधिंगा’ म्हणावे का?

प्रश्न असा आहे: मूकपटांच्या अखेरच्या वर्षांतल्या छोट्या विनोदी चित्रपटांवर लिहिताना ‘स्लॅपस्टिक’साठी, म्हणजे पडणे-आपटणे, मारणे-मोडणे यांवर चालणाऱ्या विनोदासाठी, ‘धांगडधिंगा’ चालेल का?

माझ्या मते नको. धांगडधिंग्यात सगळे एकदम उधळलेले असतात. १९१० च्या दशकातल्या कीस्टोन स्टुडिओच्या मूकपटांतल्या गोंधळी पोलिसांच्या पळापळीला तो शब्द शोभतो. पण १९२७ ते १९२९ या काळात हॅल रोच स्टुडिओने काढलेल्या लॉरेल-हार्डीच्या, म्हणजे आपल्या जाड्या-रड्याच्या, दोन रिळांच्या लघुपटांची चाल संथ आहे.

‘बिग बिझनेस’ (१९२९) बघा. ऐन कॅलिफोर्नियाच्या उन्हात हे दोघे दारोदार नाताळची झाडे विकत फिरतात. एक घरमालक (नट जेम्स फिनलेसन) दार लावतो तेव्हा झाड दारात अडकते. ते सोडवायला पुन्हा घंटा. मग कोट अडकतो, की पुन्हा घंटा! शेवटी फिनलेसन कात्री आणून झाडच छाटतो आणि तिथून उट्टे काढणे सुरू होते. हे त्याचे घर मोडतात, तो यांची मोटार. आणि गंमत म्हणजे एक जण मोडतोड करत असताना दुसरा त्याला अडवतच नाही. उभा राहून नीट बघतो आणि मग आपला डाव घेतो. पोलीस येतो, तोही आधी वहीत टिपून घेत बसतो. मला सगळ्यात जास्त हसू येते ते त्या बघत राहण्याचे.

यासाठी आपल्याकडे ‘आदळआपट’ हा नेमका शब्द आहे. घरात कोणी रागावले की भांड्यांची आदळआपट होते. राग माणसावरचा, निघतो वस्तूंवर. मूळ ‘स्लॅपस्टिक’ म्हणजे कोमेदिया देल्लार्ते या जुन्या इटालियन मुखवट्यांच्या विनोदी नाट्यप्रकारातल्या हार्लेक्विन या विदूषकी पात्राच्या हातातली दोन पातळ फळ्यांची काठी. तिचा आवाज मोठा, मार नावाला. ‘आदळआपट’मध्येही तो आवाज ऐकू येतो.

मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन याच्या कोलांट्या, पडणे, तोल सावरणे हे सगळे एका शब्दात धरायचे असेल तर ‘आंगिक विनोद’ म्हणा. नाट्यशास्त्रातल्या ‘आंगिक अभिनया’मुळे तो अपरिचित वाटणार नाही. लेखात एकदा ‘आदळआपटीचा विनोद (स्लॅपस्टिक)’ असे लिहा, पुढे नुसते ‘आदळआपट’ पुरेल.