वाचक विचारतात : जळणारे फोटो, बुरशी लागलेल्या टेपा

प्रश्न : अमेरिकन प्रयोगपटकार हॉलिस फ्रॅम्प्टन यांच्या १९७१च्या ‘नॉस्टॅल्जिया’सारखा, फोटो जाळत आठवणी सांगणारा लघुपट करायचा आहे. तयारी काय लागेल? (विद्यार्थिनी, कोल्हापूर)

उत्तर : आधी त्या लघुपटाची खरी मेख बघा. ३६ मिनिटांत एकापाठोपाठ एक फोटो इलेक्ट्रिक शेगडीवर जळतो, पण कानावर पडतं ते पुढच्या फोटोचं वर्णन. प्रेक्षकाला ऐकलेलं लक्षात ठेवावं लागतं आणि समोरचंही बघावं लागतं. सगळी गंमत या ओढाताणीत आहे, ज्वाळांत नाही. शिवाय ‘मी’ म्हणून बोलणारा आवाज फ्रॅम्प्टन यांचा नसून कॅनडाचे चित्रपटकार मायकेल स्नो यांचा आहे.

मूळ फोटो अर्थातच जाळायचे नाहीत. ६०० डीपीआयला स्कॅन करून प्रती काढा. लॅबमधल्या नेहमीच्या फोटोपेपरला प्लास्टिकचा लेप असतो; तो फुगतो, वितळतो आणि त्याचा धूर घशाला लागतो. प्लास्टिकचा लेप नसलेला फायबर बेस फोटोपेपर किंवा कापसाचा कॉटन रॅग कागद घ्या. त्यावर शेगडीच्या कॉइलचं वेटोळं आधी तपकिरी उमटतं, मग काळं पडतं. हेच टिपायचंय.

कॅमेरा बरोबर वर, निदान एक मीटर उंच. लेन्सवर साधा यूव्ही फिल्टर, कारण काजळी बसतेच. फोकस मॅन्युअल, एक्सपोजर लॉक. ऑटोवर ठेवलात तर कागद काळवंडला की कॅमेरा आपोआप उजेड वाढवतो आणि काळं राखाडी दिसू लागतं. कागद उष्णतेने वर वळतो, म्हणून अॅपर्चर (लेन्सचं छिद्र) एफ/८च्या आसपास ठेवा, म्हणजे वळलेला भागही फोकसमध्ये राहील. काम गच्चीवर, वारा नसताना करा. जवळ वाळूची बादली ठेवा. चालू शेगडीवर पाणी ओतायचं नाही.

प्रत्येक निवेदनाची ऑडिओ फाइल वेगळी करा आणि टाइमलाइनवर एक फोटो आधी सरकवा. शेवटी एक वर्णन उरेल, ज्याचा फोटो कधीच दिसणार नाही. फ्रॅम्प्टन यांनीही ते तसंच ठेवलंय. भरायला जाऊ नका.

प्रश्न : घरच्या व्हीएचएस आणि मिनी डीव्ही टेपा प्रयोगपटात वापरायच्या आहेत. काहींवर पांढरी बुरशी आहे. (वाचक, रत्नागिरी)

उत्तर : बुरशीची टेप व्हीसीआरमध्ये घालूच नका. बुरशी हेडवर, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागावर, बसते आणि पुढच्या चांगल्या टेपलाही लागते. आधी जाणकाराकडून साफ करून घ्या.

मिनी डीव्ही फायरवायरनेच (कॅमेरा संगणकाला जोडणारी जुनी डिजिटल केबल) उतरवा. टेपवरचा डेटा जसाच्या तसा येतो, तासाला सुमारे १३ जीबी. व्हीएचएससाठी टाइम बेस करेक्टर, म्हणजे डळमळता सिग्नल स्थिर करणारं यंत्र, लागतोच. व्हीसीआर संगणकाला जोडणारा स्वस्त यूएसबी डोंगल सिग्नल डळमळला की फ्रेम गाळतो, आणि अर्ध्या तासात ओठ एकीकडे, आवाज दुसरीकडे. पालमध्ये (भारतातली जुनी टीव्ही-व्हिडिओ पद्धत) सेकंदाला ५० फील्ड, म्हणजे एकाआड एक ओळींची अर्धी चित्रं, असतात, तेव्हा डीइंटरलेस (त्यांची पूर्ण चित्रं करणं) ५० फ्रेमला करा; २५ला केलंत तर निम्मी हालचाल गेली. चित्राच्या तळाशी थरथरणारी पट्टी म्हणजे व्हीसीआर एका हेडवरून दुसऱ्या हेडवर गेल्याची खूण असते. बहुतेक एडिटर ती क्रॉप करतात. तुमचा विषयच आठवण आणि यंत्र असेल, तर ती राहू द्या.

प्रश्न : जुन्या टेपवर आजीचा चेहरा अस्पष्ट आहे. एआयने स्पष्ट करू का? (वाचक, नाशिक)

उत्तर : टेपवर नसलेले डोळे-ओठ सॉफ्टवेअर अंदाजाने रंगवतं. चेहरा छान दिसेल, पण आजीचा असेलच असं नाही. वापरायचाच असेल तर मूळ शॉटच्या शेजारी ठेवा, त्याच्या जागी नको.