परक्या भाषेत रंगभूमी

प्रश्न : नोकरीनिमित्त सहा वर्षं पोलंडमधल्या क्राकुफला आहोत. मुलगी यंदा शाळा संपवतेय. तिला पोलिश रंगभूमीवर अभिनेत्री व्हायचंय. पोलिश चांगली येते, पण उच्चार परका. पोलिश नटी हेलेना मोद्झेयेव्स्काचं उदाहरण देते. मला वाटतं, इंजिनीअरिंग करावं. — एक वडील

उत्तर : मुलीनं उदाहरण चांगलं निवडलंय, पण अर्धंच सांगितलंय. क्राकुफमध्ये १८४० साली जन्मलेल्या हेलेनानं १८७६ मध्ये अमेरिका गाठली. कॅलिफोर्नियात शेती करून बघितली, ती बुडाली. मग इंग्रजी शिकून १८७७ च्या ऑगस्टमध्ये ती सॅन फ्रान्सिस्कोच्या रंगमंचावर उभी राहिली. तिथे तिचं आडनाव 'मोजेस्का' असं आखूड झालं. उच्चार शेवटपर्यंत पोलिशच राहिला, तरी शेक्सपिअरच्या नायिका तिनं अमेरिकाभर गाजवल्या.

आता राहिलेलं अर्ध. त्याआधी १८६१ पासून तिनं बोख्नियासारख्या छोट्या गावांपासून सुरुवात करून फिरत्या मंडळ्यांत घाम गाळला होता. पुढे क्राकुफ, मग वॉर्सा. ती मोठी नटी झाली होती ती स्वतःच्या भाषेत. तुमची लेक नेमकं उलटं करू बघतेय, आणि तेच अवघड आहे.

तिथल्या नाट्य अकादमीच्या प्रवेश परीक्षेत पोलिश कविता आणि गद्य म्हणून दाखवावं लागतं. पोलिशमध्ये आघात, म्हणजे बोलतानाचा जोर, बहुतेक शब्दांत शेवटून दुसऱ्या अक्षरावर येतो. आपल्याला ती सवय नाही. पण 'चमचा'तला च आणि 'चंद्र'मधला च वेगळे म्हणणाऱ्या मुलीला पोलिशमधला असाच फरक घरचाच वाटेल. एखाद्या पोलिश उच्चारशिक्षकाकडे वर्षभर एकच कविता घोटू द्या. रोज रेकॉर्ड करायची, महिन्यानं आधीची ऐकायची. मराठी मंडळाच्या एकांकिकाही सोडू नये. स्वतःच्या भाषेतली पकड तिथेच येईल.

पहिल्या वर्षी प्रवेश न मिळणं तिथे नवल नाही, हे आधीच घरात बोलून ठेवा. शुल्क आणि परदेशी विद्यार्थ्यांचे नियम अकादमीच्या कार्यालयात स्वतः जाऊन विचारा. ऐकीव माहितीवर विसंबू नका.

इंजिनीअरिंगचं म्हणाल, तर त्याच हेलेनाचा मुलगा राल्फ पुढे अमेरिकेतला नावाजलेला पूल-अभियंता झाला. त्याला त्याची आवड होती. तुमच्या मुलीला गणिताची आहे का, हे मात्र तुम्ही पत्रात लिहिलेलं नाही.