‘जेवॉकिंग’मधला ‘जे’ कोण?

दादरच्या एका ताईंनी विचारलंय: सिग्नल सोडून भलतीकडून रस्ता ओलांडण्याला ‘जेवॉकिंग’ म्हणतात, ते माणूस इंग्रजी ‘जे’ अक्षरासारखा वाकडा जातो म्हणून का? आणि मराठीत त्याला काय म्हणावं?

ताई, अक्षराचा काही संबंध नाही. हा ‘जे’ पक्षी आहे. उत्तर अमेरिकेतला निळा जे, कावळ्याच्या कुळातला. शास्त्र त्याला गायक पक्ष्यांत धरतं, पण आवाज कर्कश. (आपल्या चास पक्ष्यालाही इंग्रज ‘ब्लू जे’च म्हणत. प्रत्यक्षात दोघांचं काही नातं नाही.) पक्षी मोठा हुशार. ओकची फळं पुरून ठेवतो, ससाण्याच्या आवाजाची नक्कल करतो. तरी एकोणिसाव्या शतकात अमेरिकेच्या बोलीत ‘जे’ म्हणजे बावळट, गावंढळ माणूस झाला.

1905मध्ये कॅन्ससच्या वर्तमानपत्रांत ‘जे ड्रायव्हर’ सापडतो, चुकीच्या बाजूने गाडी हाकणारा. म्हणजे शिवी आधी गाडीवाल्याला होती! लगोलग ती चालणाऱ्यालाही चिकटली, आणि 1920च्या दशकात मोटारवाल्यांच्या संघटनांनी हा शब्द उचलून धरला. तोवर रस्ता चालणाऱ्यांचा, फेरीवाल्यांचा, खेळणाऱ्या पोरांचाही होता आणि कुणी गाडीखाली आलं की बोल गाडीवाल्याला लागत असे. ‘जेवॉकर’ म्हटलं की दोष मेलेल्यावर गेला: खेडवळच तो, शहरात चालायचं कळत नाही! 1925मध्ये लॉस एंजेलिसने पायी चालणाऱ्यांवर कडक नियमही लादले.

मुंबईकराला हे समजायला जड जाऊ नये. आपल्याकडे ‘घाटी’ आहे. घाटावरून गिरण्यांत, हमालीला आलेल्या माणसाचा नुसता पत्ता सांगणारा शब्द. त्याची शिवी झाली, आणि ती पुढे मुंबईतल्या सरसकट मराठी माणसाला लागली. घाटी मसाला मात्र सगळ्यांना चालतो. हा शब्द ज्यांनी लहानपणी शाळेत ऐकून घेतलाय, त्यांना ‘जे’ची बोच वेगळी सांगावी लागत नाही.

म्हणून ‘जेवॉकिंग’ मराठीत आणूच नये, असं माझं ठाम मत आहे. बातम्यांतलं ‘बेशिस्त पादचारी’ही मला पटत नाही. फुटपाथ दुकानांनी आणि दुचाक्यांनी भरलेला असताना माणूस चालणार कुठे? बोलताना ‘मधूनच रस्ता ओलांडला’ म्हणा. पाटीवर लिहायचं असेल तर ‘रस्ता झेब्रा पट्ट्यांवरूनच ओलांडावा’ एवढं पुरे.