बाबा वऱ्हाडी बोलतात म्हणून व्हॉइस सर्चला कळत नाही का? त्यांनी शुद्ध बोलायला शिकावं का?

तुम्ही लिहिलंय की बाबांचं कॉटन मार्केटजवळ कृषी केंद्र आहे, एक एजन्सी 'व्हॉइस सर्चमध्ये वर आणतो' म्हणून दरमहा पैसे मागून राहिली आहे, आणि बाबा फोनला 'पऱ्हाटी' (म्हणजे कपाशी) म्हणाले की पराठ्याची हॉटेलं दिसतात. एजन्सीला पैसे देऊ नका. बोललेलं सहसा आधी अक्षरांत उतरतं, मग नेहमीचाच शोध चालतो. आवाजाची वेगळी यादी कुठे विकत मिळत नाही.

पण मी लिहायला बसले ती 'शुद्ध' या शब्दामुळे.

दीड वर्ष मी नागपुरात नंदनवनच्या घरून मशीनला बोलणं ओळखायला शिकवण्याचंच काम केलंय. हेडफोन लावायचा, अनोळखी माणसांचं बोलणं ऐकायचं, जसंच्या तसं टाइप करायचं. पैसे ऑडिओच्या मिनिटावर. एक मिनिट नीट उतरवायला माझी सात-आठ मिनिटं जायची. एकदा एका म्हाताऱ्या माणसाचा आवाज आला, "पऱ्हाटीले अळी लागली, कोणतं औषध मारू?" माझे काटोलकडचे मामा अगदी असंच बोलतात. मी तेच लिहिलं. तपासणाऱ्या सरांनी फाईल परत पाठवली. शेरा होता 'अशुद्ध', आणि सुधारणा म्हणून 'कपाशीला अळी लागली'.

मी फोन केला. म्हटलं, सर, आजोबा पऱ्हाटी म्हणाले, मी कपाशी कसं लिहू? तर म्हणे, "मॅडम, मशीनला चांगली मराठी शिकवायची आहे." त्या आठवड्यात माझ्या 19 फाईली नाकारल्या, पैसे एकीचेही नाही. मी सगळ्या न बदलता पुन्हा पाठवल्या. मग काम येणंच बंद झालं.

सर साफ चुकीचे होते, आणि हे मी भाषेच्या अभिमानापोटी म्हणत नाही. आवाजाचे सेकंदाला साधारण 16,000 नमुने घेतात, त्यांचे 25 मिलिसेकंदांचे तुकडे पाडतात, आणि कोणत्या ध्वनीला कोणती अक्षरं हे मॉडेल, म्हणजे बोलणं ओळखणारा प्रोग्राम, माणसांनी लिहून दिलेल्या जोड्यांवरून शिकतं. ऐकवली पऱ्हाटी आणि लिहून दिली कपाशी, तर जोडीच खोटी झाली. असे शब्द काढूनच टाकले, तर मॉडेल ओळखीतला जवळचा शब्द बसवतं. तुमच्या बाबांना पराठे दिसतात ते बहुधा यामुळेच. पऱ्हाटी म्हणजे कपाशी हे जोडायचं काम त्यानंतरचं, शोधाच्या पायरीवरचं.

यामागे पैसाही आहे. 2007 साली गूगलने अमेरिकेत दुकानांचे फोन नंबर सांगणारी फुकट सेवा काढली होती, गूग-411. त्यातून मशीनला शिकवायला लोकांचे आवाज मिळाले, 2010 मध्ये सेवा बंद. 2013 मध्ये त्यांच्याच इंजिनिअरांनी हिशेब मांडला की लोक रोज 3 मिनिटं बोलून शोधू लागले तर डेटा सेंटरची गणनक्षमता दुप्पट लागेल. त्यावर उपाय म्हणून त्यांनी टीपीयू ही स्वतःची चिप बनवली. चिपमुळे गणित स्वस्त होतं, पण ऐकून लिहिणाऱ्या माणसाचा वेळ तसा स्वस्त होत नाही. शिवाय स्क्रीनवर चार जाहिराती मावतात, फोनने बोलून सांगितलं तर एकच उत्तर, म्हणजे जाहिरातींना जागाही कमी. मग त्या पऱ्हाटीवाल्या आजोबांसाठी जास्तीची मिनिटं कोण मोजणार? गूगलचं बोलून टायपिंग मराठीत आलंच 2017 मध्ये.

एक मान्य करते. वेबवरचं बहुतेक लिखाण प्रमाण मराठीत आहे, त्यामुळे 'कपाशी' म्हटलं तर आज जास्त सापडतं. दुकानातला गोंगाटही आड येतो. आणि आता लिहून न दिलेल्या नुसत्या आवाजावरूनही मॉडेलं बरंच शिकतात.

तरी बाबांना बदलू नका. गूगलवरच्या दुकानाच्या माहितीत देवनागरीत कपाशी आणि पऱ्हाटी दोन्ही लिहा, हे फुकट आहे. केंद्र सरकारच्या भाषिणी प्रकल्पात 'भाषादान' आहे, तिथे आवाज देता येतो आणि इतरांचं बोलणं ऐकून लिहिताही येतं. तुम्ही लिहायला बसाल तेव्हा 'मले' ऐकू आलं तर 'मले'च लिहा.