वाचकांचे प्रश्न : डायना गप्प का राहते?

प्रश्न : ‘अ वुमन ऑफ अफेअर्स’ हा १९२८ सालचा मूकपट मी आणि माझ्या सासूबाईंनी घरी पाहिला. ग्रेटा गार्बोने रंगवलेली इंग्रज उमराव घराण्यातील डायना, मधुचंद्रातच नवऱ्याने आत्महत्या केली तरी तिचे खरे कारण कोणालाच का सांगत नाही? ‘तिने तोंड उघडले असते तर सगळे निभावले असते,’ असे सासूबाई म्हणतात.
— एक वाचक, नवी पेठ, सोलापूर

उत्तर : सासूबाईंचा सवाल रास्त आहे. पण डायना खरे बोलली असती, तर तिचा नवरा डेव्हिड याच्या नावाला बट्टा लागला असता आणि त्याला दैवत मानणारा तिचा भाऊ जेफ्री कोलमडला असता. म्हणून नवऱ्याने अफरातफर केली होती आणि पोलीस दारात आल्यावर त्याने जीव दिला, हे ती कोणाला कळू देत नाही. लोकांनी बायकोवर ठेवलेला ठपका मुकाट्याने सोसते आणि ज्यांचे पैसे बुडाले त्यांची भरपाई करत राहते. समाज मात्र तिच्या मित्रांचीच मोजदाद करतो.

मायकेल आर्लेन यांच्या १९२४ च्या मूळ कादंबरीत नवऱ्याला गुप्तरोग असतो. चित्रपटांत काय दाखवावे यावर नजर ठेवण्यासाठी हॉलिवूडच्या निर्मात्यांनीच नेमलेल्या हेज यांच्या कार्यालयाचा त्याला आक्षेप असल्यामुळे रोगाच्या जागी अफरातफर आली, पात्रांची नावे बदलली आणि कादंबरीचे नावही पडद्यावर येऊ शकले नाही. या बदलाने कथा मिळमिळीत झाली, असे मला वाटत नाही, कारण लुबाडलेला पैसा परत करता येतो आणि त्यामुळेच डायनाच्या मौनाला कृतीची जोड मिळाली आहे.

इस्पितळातील प्रसंग सासूबाईंना पुन्हा जरूर दाखवा. तापाच्या ग्लानीत डायना, जिच्याशी लग्न होऊ शकले नाही त्या नेव्हिल या तिच्या पहिल्या प्रियकराने पाठवलेली फुले शोधत खोलीबाहेर येते आणि ती सापडताच, माणसाला मिठी मारावी तशी, चेहरा त्यांच्यात खुपसून छातीशी कवटाळते. वर्षानुवर्षे ओठांवर न आलेले सारे गार्बोने या काही क्षणांत एका शब्दावाचून व्यक्त केले आहे.

राहिला निभावण्याचा प्रश्न. डायनाच्या माहेरच्या मेरिक घराण्याची राहणी न रुचल्यामुळे नेव्हिलचे वडील सर मॉर्टन यांनी मुलाला इजिप्तला धाडले, ते डायनाच्या लग्नाच्या दोन वर्षे आधी. त्या वेळी तिच्यापाशी लपवण्यासारखे काहीच नव्हते, तरीही सून म्हणून ती त्यांना नकोच होती.