‘मूक व्यंगचित्रपट’ की ‘सचेतनपट’?

वृत्तपत्रात व्यंगचित्रे काढणाऱ्या विन्सर मॅके या अमेरिकी चित्रकाराच्या ‘गर्टी द डायनोसॉर’ या १९१४ सालच्या अॅनिमेशन चित्रपटाला मराठीत ‘मूक व्यंगचित्रपट’ म्हणावे काय, असे एका वाचकाने विचारले आहे. माझ्या मते म्हणू नये.

‘व्यंगचित्र’ या शब्दात व्यंग दाखवण्याचा, वर्मावर बोट ठेवण्याचा भाव आहे. गर्टी ही लाडावलेली, रागावले की रडणारी, तहान लागली की सबंध तळे पिऊन टाकणारी डायनोसॉर आहे. तिच्यात कोणाचे व्यंग शोधायचे? कर्त्याचा पेशा कृतीच्या नावाला चिकटवल्याने हा घोटाळा होतो. ‘चलचित्र’ही पुरेसे नाही, कारण कोणताही चित्रपट चलचित्रच असतो.

मला ‘सचेतनपट’ हा शब्द योग्य वाटतो. ‘अॅनिमेशन’च्या मुळाशी लॅटिनमधला ‘अॅनिमा’, म्हणजे श्वास किंवा प्राण, हा शब्द आहे, आणि गर्टीचा श्वास किती वेळाचा असावा हे ठरवण्यासाठी मॅकेने स्वतःचा श्वास घड्याळावर मोजला होता. पारदर्शक सेल्युलॉइडवर पात्र वेगळे रेखाटण्याची युक्ती त्याने वापरली नाही. त्यामुळे हजारो कागदांपैकी प्रत्येकावर मागचे खडक, झाड आणि तळे त्याच्या मदतनिसाला पुन्हा गिरवावे लागले. पडद्यावर त्या रेषा सतत किंचित थरथरतात आणि अचल खडकही जिवंत भासतो. ‘सचेतन’ हे विशेषण याहून चपखल कुठे बसेल?

राहिला ‘मूक’. फेब्रुवारी १९१४ मध्ये शिकागोच्या पॅलेस थिएटरात हा खेळ प्रथम झाला, तेव्हा मॅके हातात चाबूक घेऊन पडद्याशेजारी उभा राहून गर्टीला मोठ्याने हुकूम सोडत असे आणि ती ते पाळी. त्याच वर्षी इतर चित्रपटगृहांसाठी निघालेल्या आवृत्तीत ते हुकूम लिखित पाट्यांवर गेले. ‘मूकपट’ असे वेगळे सांगण्याची गरजही बोलपट आल्यावरच पडली. तेव्हा ‘मूक’ हे विशेषण फितीपुरते खरे आहे, त्या पहिल्या खेळांना ते लावता येणार नाही.

वाचकाने आपले वाक्य असे लिहावे: ‘व्यंगचित्रकार विन्सर मॅके यांचा, मूकपटांच्या काळातील सचेतनपट.’