साउंड सोडू नकोस

प्रिय बाबू,

तुझं पत्र वाचून आधी रागच आला. वावर गहाण ठेवून सिनेमा कॅमेरा घ्यायचा, नाहीतर साउंड सोडून लग्नाच्या ऑर्डरी धरायच्या, हे दोनच रस्ते तुला दिसतात. वावराला हात लावू नकोस. कर्ज म्हणजे काय हे तुझ्या घरात मी सांगायला नको. कॅमेरा नागपुरात दिवसाच्या भाड्याने मिळतो. लग्नाच्या ऑर्डरीही घे, घर चाललं पाहिजे. पण साउंड सोडायचं म्हणतोस, तिथे माझं तुझ्याशी भांडण आहे.

आवाजवाल्याला कोण ओळखतो, असं तू विचारतोस. कोणी नाही. तरीही आधी कान. माहितीपटात चित्र हुकलं तर पऱ्हाटी उद्याही उभी असते, चेहऱ्याऐवजी हात दाखवता येतात. पण कापसाच्या भावाबद्दल बोलता बोलता एखादी काकू एकाएकी गेलेल्या नवऱ्याबद्दल बोलून जाते, ते वाक्य एकदाच येतं. ‘परत सांगा ना’ म्हटलं तर ती सांगेल, पण ते तुझ्या मशीनसाठी सांगितलेलं असेल.

मे महिन्यात आपल्याकडे पारा 45 च्या वर जातो आणि घराघरांत कूलर घरघरतो. कूलर बंद झाल्याशिवाय मी रेकॉर्डिंग सुरू करत नाही. ह्यापायी एका दिग्दर्शकाने मला पुन्हा कामाला बोलावलं नाही. न बोलावो. ती घरघर नंतर सॉफ्टवेअरने काढायला गेलं की माणसाचा आवाजही सोलून निघतो. 32 बिट फ्लोटचा रेकॉर्डर आला, आता कोणी अचानक ओरडलं तरी आवाज फाटत नाही. पण कूलर त्यातही कूलरच राहतो. अर्थात म्हाताऱ्या माणसाला घामाघूम करून बोलायला लावणं हा माज झाला. म्हणून मुलाखत पहाटे घे, पिठाची गिरणी सुरू व्हायच्या आत. फ्रिज बंद करायला लावलास तर गाडीची किल्ली त्यातच ठेव, म्हणजे निघताना सुरू करायला विसरणार नाहीस. बाईच्या बांगड्या माइकवर वाजत असतील तर माइक हलव. बांगड्या काढायला कधीच सांगू नकोस. आपल्या भागात तरी नाहीच. आणि बोलणं संपलं की सगळ्यांना एक मिनिट गप्प बसवून त्या खोलीचा नुसता आवाज घे. एडिटिंगला जोड द्यायला तोच लागतो. लोक हसतील, हसू दे.

कॅमेराही शीक, नको कोण म्हणतं? आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणून सेकंदाला 25 फ्रेम आणि 1/50 शटर ठेवलं की ट्यूबलाइट लुकलुकत नाही. हे आठवड्यात येतं. बोलणारा थांबलाय तो संपला म्हणून की श्वास घ्यायला, हे कळायला वर्षं जातात. कॅमेरामन असलास तरी हेडफोन लावूनच शूट कर. बोलणारा थांबला म्हणून लगेच कॅमेरा वळवलास तर पुढचं वाक्य येईल तेव्हा तुझ्या फ्रेममध्ये भिंत असेल. आधी कान!

दंडार, म्हणजे आपलं लोकनाट्य, करणारे म्हातारे गेले रे. त्यांना शूट केलं तेव्हा आमच्या युनिटकडे वेगळा माइक नव्हता. चेहरे स्वच्छ दिसतात, शब्द एक कळत नाही. ते फुटेज लावलं की अजूनही चिडचिड होते.

मुंबईत राहिलो असतो तर मोठा झालो असतो, असं लोक मला ऐकवतात. असेल. पण झाडी बोली, वऱ्हाडी आणि कानावर पडून पडून थोडी गोंडी, एवढ्याच्या जोरावर मी एडिटरला सांगू शकतो की वाक्य इथे संपलं नाही, इथे कापू नका. मुंबईत राहून हे झालं नसतं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा अर्ज जरूर भर. सिनेमॅटोग्राफी आणि ध्वनी हे तिथे वेगळे अभ्यासक्रम आहेत. तू ध्वनीचा भर. शिकून परत ये की नको, ते मी सांगणार नाही.

त्याआधी माझा रेकॉर्डर घेऊन जा आणि गावच्या पोळ्यात म्हणतात ती कवनं, झडत्या, रेकॉर्ड कर. सेटिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिट ठेव. तोरणाखाली बैलांच्या घुंगरमाळा असतील, डफडं असेल, वर लाउडस्पीकर, आणि त्यातून झडती म्हणणाऱ्याचा शब्द न् शब्द कळला पाहिजे. माइक कुठे धरायचा ते विचारू नकोस. आदल्या दिवशी तिथे जाऊन उभा राहा, वारा कुठून येतो आणि भोंग्याचं तोंड कुठे आहे ते बघ. फाइल व्हॉट्सॲपवर नको, घरी घेऊन ये. बसून ऐकू.

तुझा,
काका